सरासरीच्या पलीकडचा पाऊस

(सातारा इथे एका स्मृतिव्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



ज्यांच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते ते गुरुजी विज्ञान शिकवायचे. वर्गात शिकवलेलं गावाच्या उपयोगी पडलं पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता. तोच आग्रह समोर ठेवून मी आज पावसाबद्दल बोलणार आहे. चार मुद्दे आहेत. ढगात काय घडतं, हा पहिला. पाऊस बदलला म्हणजे नेमकं काय बदललं, हा दुसरा. त्या बदलाची झळ घाटात, पठारावर आणि किनाऱ्यावर कशी पोचते, हा तिसरा. आणि अंदाज हातात असूनही माणसं का दगावतात, हा चौथा. शेवटी एक मागणी करणार आहे.

हा विषय साताऱ्यात मांडायला मिळतोय याचा मला विशेष आनंद आहे. पावसाचा धडा शिकायला यापेक्षा चांगला जिल्हा शोधून सापडणार नाही. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि माण-खटावमध्ये पाचशेच्या आसपास. एकाच जिल्ह्यात, एकाच मोसमात, एकाच वाऱ्यातून दहापट फरक! आता या दोन आकड्यांची सरासरी काढली तर काय हाती येईल? जिथे कुणीच राहत नाही अशा एका गावाचा पाऊस. त्या आकड्यावर म्हसवडच्या शेतकऱ्याला पेरता येणार नाही आणि महाबळेश्वरच्या माणसाला घर शाकारता येणार नाही. सरासरी खोटी नसते, पण सरासरीत कुणी राहत नाही. एवढं मनात धरून पुढे जाऊ.

१

ढग म्हणजे वाफ, असं आपण सहज बोलून जातो. वाफ दिसत नसते. आपल्याला दिसतात ते पाण्याचे अतिसूक्ष्म कण. एका मेघकणाचा व्यास मिलिमीटरच्या पन्नासाव्या भागाएवढा असतो. तो खाली पडत नाही, तरंगत राहतो. दोन मिलिमीटरचा पावसाचा एक थेंब व्हायला असे सुमारे दहा लाख कण एकत्र यावे लागतात. आणि कण तयार व्हायलाही काहीतरी आधार लागतो. समुद्राच्या फेसातून उडालेलं मीठ, धूळ, धूर, त्यावर वाफ बसते आणि पाणी होते.

हे जवळून पाहायचं असेल तर लांब जायला नको. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने २०१२ मध्ये महाबळेश्वरला ढगांच्या अभ्यासाची प्रयोगशाळा उभारली. ढग मोजायचे तर एरवी विमान लागतं. इथे मात्र जुलै-ऑगस्टमध्ये ढग स्वतःच जमिनीला टेकून इमारतीवरून वाहत जातो. उपकरणं छपरावर मांडलेली असतात आणि ढगातले कण त्यांच्यामधून जातात. कण किती, केवढे, कशावर जमलेले, हे तिथे बसून कळतं. सह्याद्रीवरचा पाऊस बहुतेक वेळा फार उंच ढगांतून येत नाही. अरबी समुद्रावरून आलेली दमट हवा डोंगराला अडते, वर चढते, थंड होते. कमी उंचीच्या ढगांतच कण एकमेकांवर आदळून थेंब होतात आणि संततधार लागते. डोंगर ओलांडून खाली उतरणारी हवा गरम होत जाते, तिच्यातले कण विरतात. महाबळेश्वरला भिजवणारा तोच वारा माणमध्ये कोरडा पोचतो, त्याचं कारण हे.

दुसरा ढग असतो तो वळवाचा. दुपारी जमीन तापते, हवेचा लोट वर उसळतो आणि बघता बघता पंधरा किलोमीटर उंचीपर्यंत ढगाचा मनोरा चढतो. वरचा भाग गोठणबिंदूच्या कितीतरी खाली असतो. तिथे बर्फाचे स्फटिक आणि लहान गारा एकमेकांवर घासतात, विद्युतभार वेगळे होतात आणि वीज कडाडते. लोट जोरदार असेल तर गार खाली पडता पडता पुन्हा वर फेकली जाते, तिच्यावर बर्फाचे थर चढत जातात. लोटाला ती पेलेनाशी झाली की ती द्राक्षाच्या बागेवर येते.

आता मुख्य सूत्राकडे येतो. हवा १ अंश सेल्सियसने तापली की तिच्यात सुमारे ७ टक्के जास्त बाष्प मावू शकतं. हा भौतिकशास्त्राचा नियम आहे, त्यावर मतभेदाला जागा नाही. पण या नियमाचा उत्तरार्ध आपण विसरतो. हवेत जास्त बाष्प मावतं, म्हणजे ढग भरायला जास्त वेळ लागतो. आणि भरला की तो जास्त जोराने रिता होतो. शिवाय वाफेचं पाणी होताना उष्णता बाहेर पडते, ती लोटाला आणखी वर ढकलते आणि आजूबाजूची आणखी हवा आत ओढली जाते. म्हणजे तापमानवाढ एकाच वेळी दोन कामं करते. ती पावसाला ओढ द्यायला लावते आणि आला की कोसळायला लावते. दुष्काळ आणि महापूर एकाच वर्षी, एकाच तालुक्यात कसे, असं लोक विचारतात. उत्तर या एका नियमात आहे.

२

आता दुसरा मुद्दा. पाऊस बदलला, असं आपण चावडीवरही म्हणतो आणि परिषदेतही म्हणतो. पण नेमकं काय बदललं? पाऊस वाढला? कमी झाला?

२००६ मध्ये पुण्यातल्याच संस्थेच्या भूपेंद्रनाथ गोस्वामी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मध्य भारतातल्या पन्नास वर्षांच्या, म्हणजे १९५१ ते २००० च्या, दैनंदिन नोंदी तपासल्या. मोसमाच्या बेरजेत फारसा फरक दिसला नाही. मग त्यांनी बेरीज फोडून पाहिली. अतिजोरदार पावसाच्या घटना वाढल्या होत्या, मध्यम पावसाच्या घटना घटल्या होत्या. एक बाजू चढली, दुसरी उतरली, आणि बेरीज जागच्या जागी राहिली. पुढे २०१७ मध्ये रॉक्सी मॅथ्यू कोल आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की १९५० ते २०१५ या काळात मध्य भारतात मोठ्या प्रदेशावर एकाच वेळी होणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना तिप्पट झाल्या आणि त्यांना बाष्प पुरवण्यात अरबी समुद्राचा मोठा वाटा आहे. भूविज्ञान मंत्रालयाच्या २०२० च्या अहवालानुसार १९५१ पासून २०१५ पर्यंत देशाचा मोसमी पाऊस सुमारे ६ टक्क्यांनी कमी झाला आणि हिंदी महासागराच्या उष्णकटिबंधीय भागाचं पृष्ठतापमान सुमारे १ अंशाने वाढलं.

म्हणजे बेरीज थोडी घटली, आणि उरलेली बेरीज थोड्या तासांत येऊ लागली. शेतमजुराला वर्षभराची मजुरी एका रात्रीत हातावर ठेवावी आणि पुढचे अकरा महिने काम देऊ नये, तशी ही गत आहे. हिशोबात काहीच कमी नाही, घरात मात्र चूल पेटत नाही.

आपल्या वडीलधाऱ्यांकडे पावसाचं जे वेळापत्रक होतं, ते या मध्यम पावसावर उभं होतं. रोहिणीचा शिडकावा, मृगाची पेरणी, आर्द्रात उगवण, मग पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा पाऊस, पुढे उत्तरा-हस्ताच्या पावसावर रब्बीची ओल. त्यात प्रत्येक नक्षत्राचं काम ठरलेलं होतं. झड लागायची, उघडीप व्हायची, वाफसा यायचा, कोळपणी व्हायची, पुन्हा पाऊस यायचा. शेतीला पाऊस जितका लागतो तितकीच उघडीप लागते. आज दोन पावसांतली उघडीप तीन-तीन आठवडे लांबते, आणि पाऊस येतो तेव्हा वाफसा येण्याची उसंत देत नाही.

२०२३ चं वर्ष आठवा. १९ जुलैच्या रात्री अतिवृष्टीत खालापूर तालुक्यातल्या इर्शाळवाडीवर दरड कोसळली. त्यानंतरचा ऑगस्ट हा १९०१ पासूनचा देशातला सर्वांत कोरडा ऑगस्ट ठरला. ऑक्टोबर संपता संपता राज्य सरकारने ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला. दोन वर्षांनी, २०२५ मध्ये, मुंबईत मॉन्सून २६ मे रोजी दाखल झाला, नोंदींतला सर्वांत लवकर. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात सीना नदीने पात्र सोडलं. जे परांडा, भूम, करमाळा, माढा वर्षानुवर्षं टँकरची वाट पाहतात, तिथली माणसं छपरावर चढून बसली आणि त्यांना बोटीने, हेलिकॉप्टरने काढावं लागलं. पीक गेलं, ते पुढच्या हंगामात पुन्हा घेता येईल. पण माती खरवडून गेली तिथे काय घेणार? एक वीतभर माती तयार व्हायला कित्येक पिढ्या लागतात.

३

तिसरा मुद्दा. ही झळ सगळीकडे सारखी लागत नाही. घाटात तिचं रूप वेगळं, पठारावर वेगळं, शहरात आणि किनाऱ्यावर वेगळं.

घाटापासून सुरुवात करतो, कारण ती आपल्या घरची गोष्ट आहे. २२-२३ जुलै २०२१ ला महाबळेश्वरला चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस पडला. माण तालुक्याचा वर्षभराचा पाऊस एका दिवसात! त्याच पावसात महाडजवळच्या तळियेवर कडा कोसळून ऐंशीहून अधिक माणसं गेली, चिपळूण बुडालं. आणि आपल्या पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव, ढोकावळे इथे डोंगर घरांवर आला. या सभागृहात कोयनेच्या खोऱ्यातली मंडळी असतील. त्यांना मी काय सांगणार? त्यांनी ते पाहिलं आहे.

डोंगर का सरकतो? घाटमाथ्यावर जांभ्याचा थर आहे, त्याखाली कुजलेल्या खडकाची मऊ माती आणि तिच्याखाली घट्ट बेसाल्ट. संततधारेने आधीच ओल मुरलेली असते. त्यावर काही तासांत प्रचंड पाऊस ओतला की पाणी मातीच्या कणांमध्ये घुसून त्यांची एकमेकांवरची पकड सोडवतं, आणि अख्खा उतार घसरतो. पण डोंगर सहसा न सांगता येत नाही. नवे झरे फुटतात, स्वच्छ झऱ्याचं पाणी अचानक गढूळ होतं, जमिनीला भेगा पडतात, झाडं आणि विजेचे खांब कलतात, दारं-खिडक्या चौकटीत अडकायला लागतात. ही लक्षणं ओळखायला यंत्र लागत नाही. गावातल्या बायकांना पाणी गढूळ झाल्याचं सगळ्यात आधी कळतं, कारण पाणी त्या भरतात. दरडीची पूर्वसूचना देणारी समिती गावात नेमाल, तेव्हा तिच्यात त्या आहेत ना?

शहराचं पाहू. २६ जुलै २००५. सांताक्रूझच्या वेधशाळेत ९४४ मिलिमीटर पावसाची नोंद झाली आणि त्याच दिवशी, त्याच मुंबईत, कुलाब्याला ७३. मुंबईची गटारं ताशी २५ मिलिमीटर पाऊस वाहून नेण्याच्या हिशोबाने बांधलेली होती, तेही समुद्राला ओहोटी असेल तर. त्या दिवशी मुंबईत डॉप्लर रडारही नव्हतं. नंतर माधवराव चितळे समितीने चौकशी केली, मिठी नदीकडे सगळ्यांचं लक्ष वळलं, गटारांची क्षमता वाढवण्याचं काम हाती घेतलं गेलं. पण त्यातून बाकीच्या शहरांनी काय घेतलं? पुणे, कोल्हापूर, सांगली, नाशिक, नागपूर, कुठल्या शहराने ओढा जिथे होता तिथे राहू दिला? ओढ्याची जागा सात-बाऱ्यावरून पुसता येते. ओढा मात्र पावसात आपल्या जुन्याच वाटेने येतो.

कृष्णेचं दुखणं याहून गुंतागुंतीचं आहे. २०१९ च्या ऑगस्टात सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर गेलं. तिथे धोक्याची पातळी ४५ फूट आहे. लोक धरणांना दोष देतात. पण धरणवाल्याची अडचण समजून घेतली पाहिजे. कोयना १०५ टीएमसीचं धरण. ऑगस्टमध्ये जागा रिकामी ठेवावी आणि पुढे पावसाने ओढ दिली, तर उन्हाळ्यात वीज आणि पाणी कुठून आणणार? भरून ठेवावं आणि अतिवृष्टी झाली, तर खाली सांगली आहे. पाऊस सरासरीने पडत होता तोवर हे गणित सुटत होतं. आता ते दरवर्षी, किंबहुना दर आठवड्याला, अंदाज पाहून नव्याने सोडवावं लागेल.

पठारावर येऊ. २०१४ च्या फेब्रुवारीअखेर सुरू झालेली गारपीट मार्चच्या मध्यापर्यंत चालली. मराठवाडा, विदर्भ, उत्तर महाराष्ट्र, पश्चिम महाराष्ट्र, कुठला भाग सुटला? गहू-हरभरा आडवा झाला, द्राक्षाचे घड सडले, मोसंबीची झाडं सोलून निघाली, गारांचा खच पडून शिवार पांढरं झालं. उत्तरेकडून आलेली थंड, कोरडी हवा वर आणि समुद्रावरून आलेली दमट हवा खाली, अशी गाठ पडली की हे होतं. अशी गाठ पूर्वीही पडत होती. पण खालची हवा आता जास्त उबदार आणि जास्त दमट असते.

आणि वीज! वीज पडून देशात दरवर्षी दोन हजारांहून अधिक माणसं मरतात. एका ठिकाणी एक, दुसऱ्या ठिकाणी दोन, म्हणून त्याची मोठी बातमी होत नाही. मरणारा बहुतेक वेळा शेतात असतो. शेळ्या राखणारा पोरगा, खुरपणाऱ्या बाया, झाडाखाली आडोशाला गेलेलं जोडपं. मला सगळ्यात जास्त त्रास होतो तो या मृत्यूंचा, कारण यातले बरेचसे टळणारे आहेत. चमक दिसल्यावर आवाज यायला किती सेकंद लागले ते मोजा, तीनने भागा, तेवढे किलोमीटर वीज लांब आहे. तीस सेकंदांच्या आत गडगडाट ऐकू आला तर काम सोडायचं आणि पक्क्या घरात जायचं. झाडाखाली जायचं नाही, म्हणजे नाहीच. घर जवळ नसेल तर उघड्यावर पाय जुळवून उकिडवं बसायचं, आडवं पडायचं नाही. पुण्याच्याच संस्थेने बनवलेलं ‘दामिनी’ ॲप आपल्या भागात वीज पडण्याचा धोका मोबाइलवर कळवतं. आज घरी गेल्यावर मुलांकडून ते घ्या आणि शेतावर कामाला येणाऱ्यांच्याही फोनवर घालून द्या.

किनाऱ्याबद्दल थोडक्यात. चक्रीवादळं बंगालच्या उपसागराची, अरबी समुद्र त्या मानाने शांत, असं आपण शिकलो. ३ जून २०२० ला ‘निसर्ग’ श्रीवर्धनच्या परिसरात किनाऱ्याला धडकलं आणि दापोली-मंडणगडपर्यंतच्या नारळ-सुपारीच्या बागा भुईसपाट झाल्या. पुढच्याच वर्षी मे महिन्यात ‘तौक्ते’ आलं. तापलेला समुद्र वादळाला इंधन पुरवतो. नारळाचं झाड लावल्यापासून फळाला यायला सहा-सात वर्षं जातात. आंब्याची कलमं, सुपारीच्या वाड्या एका पिढीने लावायच्या आणि पुढच्या पिढीने खायच्या, हा कोकणाचा रिवाज. तिथलं नुकसान एका हंगामाच्या मदतीने कसं भरून येणार?

४

आता चौथा मुद्दा. हे सगळं माहीत आहे, तरी माणसं का दगावतात?

अंदाज चुकतात म्हणून, असं म्हणणं सोपं आहे. भारतीय हवामान विभाग १८७५ मध्ये स्थापन झाला. आज रडार आहेत, उपग्रह आहेत, जिल्हावार पिवळा-नारिंगी-लाल इशारा आहे, पुढच्या तीन तासांचा तातडीचा इशारा आहे. मे २०२५ मध्ये ६ किलोमीटरच्या चौकटीत अंदाज देणारी ‘भारत फोरकास्ट सिस्टीम’ सुरू झाली. ही मोठी झेप आहे, आणि तिच्यामागे पुण्यातल्या शास्त्रज्ञांची मेहनत आहे. पण विज्ञान काय करू शकतं आणि काय करू शकत नाही, हे दोन्ही समजून घेऊ. साताऱ्याच्या घाटात उद्या अत्यंत जोरदार पाऊस पडेल, हे आज सांगता येतं. ढगफुटी म्हणजे वीस-तीस चौरस किलोमीटरच्या पट्ट्यात तासाला १०० मिलिमीटर पाऊस. ती उद्या नेमकी कुठल्या वाडीवर होईल, हे आज सांगता येत नाही. सहा किलोमीटरच्या एका चौकटीत आपल्या घाटातला एक अख्खा डोंगर, त्याच्या दोन्ही बाजूच्या दऱ्या आणि चार वाड्या बसतात.

कृत्रिम पावसावर विसंबता येईल का, हा प्रश्न दर दुष्काळात येतो. राज्याने २००३, २०१५ आणि २०१९ मध्ये प्रयोग केले. सोलापूरच्या पर्जन्यछायेत पुण्याच्या संस्थेने काही वर्षं शास्त्रीय चाचण्याही घेतल्या. निष्कर्ष असा की योग्य ढग असेल, योग्य वेळ साधली, तर पावसात काही प्रमाणात वाढ होते. पण ढगच नसेल तर बीज कशात पेरणार? आणि दुष्काळात नेमकी ढगांचीच वाण असते.

मग अडतं कुठे? अडतं मोजमापात, आणि अडतं शेवटच्या मैलावर.

मोजमापाचं आधी सांगतो. साधा पर्जन्यमापक सकाळी साडेआठला वाचतात. मागच्या चोवीस तासांत किती मिलिमीटर, एवढं तो सांगतो. शंभर मिलिमीटर दिवसभर भिजपाऊस होऊन पडला की पहाटे तासाभरात ओतला, हे तो सांगत नाही. एकात विहीर भरते, दुसऱ्यात बांध फुटतो. नोंदवहीत मात्र दोघांचा आकडा एकच.

आता त्या आकड्यावर काय काय ठरतं ते पाहा. महसूल मंडळात चोवीस तासांत ६५ मिलिमीटरपेक्षा जास्त पाऊस झाला की अतिवृष्टी धरतात. ६५ मिलिमीटर म्हणजे एकरावर सुमारे २ लाख ६० हजार लिटर पाणी, दहा हजार लिटरचे सव्वीस टँकर. पण एका मंडळात कितीतरी गावं असतात आणि मापक एखाद्याच ठिकाणी. समजा, ओढ्याच्या अलीकडे ५८ मिलिमीटर नोंदले आणि पलीकडच्या शिवारात ढग फुटला. काढून ठेवलेली सोयाबीनची गंजी पाण्यात उभी आहे. चार दिवसांनी ताडपत्री वर केली की आतून आंबूस वाफ येते, शेंगा काळ्या पडलेल्या असतात, दाण्याला शेंगेतच कोंब फुटलेले असतात. तो शेतकरी ती मूठभर शेंग घेऊन तलाठ्याकडे जातो. तलाठी भला माणूस आहे, पण त्याच्या कागदावर ५८ आहे. त्या शेतकऱ्याने स्वतःच्या डोळ्यांवर विश्वास ठेवायचा की कागदावर?

अण्णा मणी यांचं नाव इथे घेतलं पाहिजे. केरळात जन्मलेल्या या शास्त्रज्ञ बाईंनी १९४८ पासून पुण्याच्या हवामान विभागात काम केलं. हवामानाची उपकरणं परदेशातून आणण्यापेक्षा इथेच बनावीत आणि अचूक बनावीत, यासाठी त्या झटल्या. शंभराच्या आसपास उपकरणांचे आराखडे त्यांनी प्रमाणित करून घेतले. नुकताच स्वतंत्र झालेला देश, पैशांची चणचण, आणि तरीही मोजमापात त्यांनी तडजोड केली नाही. कारण चुकीचं माप हे न्यायाच्याच आड येतं.

आता शेवटचा मैल. ३० जुलै २०१४ च्या सकाळी आंबेगाव तालुक्यातलं माळीण गाडलं गेलं. दीडशेहून अधिक माणसं गेली. ही गोष्ट जगाला कळली ती कुठल्या यंत्रणेमुळे? एका एसटी चालकामुळे. रोजच्या फेरीवर आलेल्या त्या माणसाला गाव होतं तिथे गाव दिसलं नाही. लाल इशारा जिल्हा मुख्यालयात येतो, तिथून तहसीलला, तिथून मोबाइलवर. पण ज्या वाडीला अतिवृष्टीत सगळ्यात आधी वीज जाते आणि मग टॉवर बंद पडतो, तिथे तो इशारा नेमका कुणाच्या तोंडून पोचायचा? कुणाच्या घरी, कुठल्या शाळेत, किती वाजता निघायचं? जनावरांचं काय करायचं? हे आधी ठरलेलं नसेल तर माणूस घर सोडत नाही. आणि तो अडाणी आहे म्हणून सोडत नाही, असं नाही. गोठ्यात म्हैस आहे, कणगीत भात आहे, अंथरुणावर म्हातारी आई आहे, म्हणून सोडत नाही.

इथे न्यायाचा प्रश्न येतो, आणि तो मी टाळणार नाही. ही हवा तापवली कुणी? दोन शतकं कोळसा आणि तेल जाळून ज्यांनी संपत्ती उभी केली त्यांनी, आणि त्याच वाटेने आता निघालेल्या आपल्यातल्या सुखवस्तू माणसांनी. आंबेघरच्या माणसाने किती कोळसा जाळला होता? माढ्याच्या शेतमजुराचा यात कितीसा वाटा? २०२४ मध्ये जगाचं सरासरी तापमान औद्योगिक क्रांतीपूर्वीच्या तुलनेत सुमारे दीड अंशाने चढलेलं होतं. ते पुढे किती चढू द्यायचं, हे जगाच्या आणि देशाच्या राजधान्यांत ठरेल, आणि तिथे आपण ठामपणे बोललंच पाहिजे. पण जे चढून बसलं आहे, त्यासह जगायची तयारी गावातच करावी लागेल.

म्हणून समारोप करताना आजचा सारांश आणि मागणी एकत्रच मांडतो. तापलेली हवा पावसाला उशीर करायला लावते आणि मग कोसळायला लावते. बेरीज फारशी बदलत नाही, वाटणी बदलते. आपले कायदे, गटारं, धरणं, पंचनामे आणि पीककर्जाच्या तारखा अजून बेरजेवर चालतात, आणि माणसं वाटणीत मरतात. तेव्हा पाऊस किती पडला, एवढं विचारून यापुढे भागणार नाही. किती तासांत पडला आणि कुठल्या मातीवर पडला, हे विचारायला शिकलं पाहिजे.

येत्या १ मे रोजी तुमच्या-आमच्या गावांत ग्रामसभा आहे. तिथे चार ठराव मांडा. पहिला, आमच्या गावाला दर तासाची नोंद करणारा स्वतःचा पर्जन्यमापक हवा, त्याचा आकडा ग्रामपंचायतीच्या फळ्यावर रोज लिहिला जावा आणि नुकसानीच्या पंचनाम्यात तो ग्राह्य धरावा. दुसरा, वर डोंगर असलेल्या प्रत्येक वाडीची लाल इशाऱ्याच्या रात्रीची जागा, वाट आणि जबाबदार माणसं पावसाळ्याआधी नावानिशी ठरावीत, आणि जूनपूर्वी एकदा तरी सगळ्यांनी ती वाट चालून पाहावी. तिसरा, गावातले ओढे-नाले मोजून त्यांच्या मूळ रुंदीची नोंद व्हावी आणि त्यावर नवं बांधकाम होऊ नये. चौथा, बांधबंदिस्ती आणि रुंद वरंबा-सरी पद्धतीच्या पेरणीसाठी गावाने एकत्र काम करावं, म्हणजे जोराचा पाऊस सरीतून निघून जाईल आणि ओढीच्या दिवसांत वरंब्यात ओल टिकेल.

यातल्या कुठल्याही ठरावाला दिल्लीची परवानगी लागत नाही. लागते ती ग्रामसभेत हजर राहून हात वर करणारी माणसं. पोलीस पाटील, शिक्षक, आशाताई, बचत गटाच्या बाया आणि कॉलेजात जाणारी मुलं, एवढ्यांनी मनावर घेतलं तरी पुरे. आंबेघरचं नाव पुन्हा कुठल्या गावाला लागू नये, एवढ्यासाठी तुम्ही ते घ्याल, अशी माझी खात्री आहे.